मदत हवी आहे: मुलांना पूल कसा बांधतात ते दाखवायचंय, "अर्धा असताना पडत का नाही" इथे गाडी अडकलीय

निवांतबाई:
नमस्कार मंडळी. सुट्टीत घरात सहा मुलं जमलीत, वयं ७ ते ११, आणि पुलाचं खूळ मीच त्यांच्या डोक्यात घातलं, आता निस्तरतेय. मी पडले कॉमर्सवाली, त्यामुळे फार जड भाषेत सांगू नका प्लीज.

तर झालं असं की आइस्क्रीमच्या काड्या आणि ग्लू गन घेऊन आम्ही एक पूल केला, दोन स्टुलांवर ठेवला, वर पुस्तकं रचत गेलो आणि सातव्या पुस्तकाला तो कडकन मोडला. सगळी खिदळली, परत करूया परत करूया, धमाल. पण शिकलं कोण काय तर शून्य. मी विचारलं का मोडला, तर उत्तर आलं "वजन जास्त झालं". आता हे बरोबरच आहे म्हणा, माझंही उत्तर तेच असतं. रात्री झाडू मारताना तुकडे हातात आले तेव्हा दिसलं की काडी एकही मोडली नव्हती, सगळे ग्लूचे जॉइंट सुटले होते. म्हणजे आम्ही दोन तास पुलाची नाही, ग्लूची परीक्षा घेत होतो.

खरी पंचाईत पुढे आहे. आठ वर्षांच्या पोरीने विचारलं की मधला भाग बसवायच्या आधी दोन्हीकडचे अर्धे पूल पाण्यात पडत कसे नाहीत, खाली तर नदी आहे, टेकू कुठे लावणार? मी म्हटलं क्रेन धरून ठेवते. "रात्रभर पण?" यावर मी विषय बदलला.

तर मदत अशी हवी आहे की एक, पुलाच्या आत नक्की काय चाललेलं असतं ते लेक्चर न देता हाताला जाणवेल असं काही आहे का, आणि दोन, या पोरीला काय सांगू. व्हिडिओ नकोत, व्हिडिओ लावला की सगळी सोफ्यावर आडवी होतात.

खडूडस्टर:
शिकवण्यात बरीच वर्षं गेलीत म्हणून सांगते, पूल करायला घ्यायच्या आधी एक जाडसा स्पंज घ्या. त्याच्या कडेवर स्केचपेनने उभ्या रेघा मारा, बोटभर अंतराने, आणि दोन पुस्तकांच्या मधे ठेवून वरून दाबा. वरच्या बाजूला रेघा जवळ येतात, खालच्या बाजूला फाकतात. बस, दाब आणि ताण इथेच कळला, तोंडाने काही सांगायची गरज नाही. फक्त "पूल वरून आधी फाटेल की खालून?" एवढं विचारून गप्प बसा. गप्प बसणं हाच अवघड भाग आहे.

मग कागद. साधा कागद दोन पुस्तकांवर ठेवला तर स्वतःच्याच वजनाने वाकतो, त्याच कागदाच्या बारीक चुण्या पाडून पंख्यासारखा केला तर कंपासपेटी आरामात पेलतो. जास्त वजन ठेवलं की चुण्या फाकून सपाट होतात, तेव्हा वर एक सपाट कागद चिकटवायला सांगा, मग बघा. कागद तोच, फक्त उभी जाडी वाढली, हे पोरांना एकदा कळलं की रस्त्यावरचा प्रत्येक गर्डर (पुलाखालची आडवी तुळई) ती वाकून वाकून बघतात.

आणि ग्लू गन लपवून ठेवा हो. काड्यांना भोक पाडून टाचणीने किंवा वायरच्या तुकड्याने जोडा, म्हणजे सांधा फिरेल. चार काड्यांचा चौकोन लगेच कलंडतो, त्रिकोण हलत नाही. हे सगळेच करतात, पण त्याच्यापुढे जा. चौकोनात तिरकी काडी न घालता तिथे दोरा बांधा. एका बाजूने ढकललं की दोरा ताठ होतो आणि चौकोन टिकतो, दुसऱ्या बाजूने ढकललं की दोरा लोंबतो आणि चौकोन पडतो. मग मुलांना पुलातली एकेक काडी काढून तिथे दोरा चालेल का ते शोधायला लावा. चालला तर तिथे ताण होता, नाही चालला तर दाब. माझ्याकडची एक मुलगी तासभर हेच करत बसली होती, डबा खायचा राहिला.

पिअरवाला:
साइटवर आयुष्य गेलंय त्यामुळे दुसऱ्या प्रश्नाचं मी बघतो. आधी त्या पोरीला माझ्याकडून शाबासकी द्या, कारण निम्मं डिझाइन याच प्रश्नासाठी असतं. पूल पूर्ण झाल्यावर जसा उभा राहतो तसा तो बांधताना उभा नसतो, रोज त्याचा आकार वेगळा आणि रोज जोर वेगळ्या जागी, आणि प्रत्येक टप्प्याचा हिशोब आधी करावा लागतो.

पडत नाही कारण एकतर त्याला मागून बांधलेलं असतं, नाहीतर तो दोन्ही बाजूंनी सारखा वाढवलेला असतो. मागून बांधण्याचं उदाहरण सिडनी हार्बर ब्रिज. ५०३ मीटरची पोलादी कमान, दोन्ही काठांवरून अर्धी अर्धी पुढे आली, आणि प्रत्येक अर्ध्या कमानीला मागे १२८ केबलनी बांधून ठेवलं होतं, त्या केबल खडकात घोड्याच्या नालेसारखा बोगदा खोदून त्यातून फिरवलेल्या. शेवटी केबल हळूहळू सैल करत दोन्ही टोकं एकमेकांवर आणली, ऑगस्ट १९३० मध्ये जोडली, आणि मार्च १९३२ ला पूल सुरू झाला. म्हणजे हो, रात्रभर पण. क्रेन नाही, केबल.

दुसरी पद्धत आजकाल काँक्रीटच्या मोठ्या पुलांना सर्रास वापरतात. मधे पिअर, म्हणजे पुलाचा खांब, त्याच्या डोक्यावर एक तुकडा उजवीकडे, एक डावीकडे, परत एक उजवीकडे, केबल ओढून घट्ट करायचे आणि पुढे. तराजूच म्हणा. घरी करायला एक उभा डबा घ्या, वर लांब पट्टी, आणि ठोकळे एकेक करून दोन्हीकडे बाहेर सरकवत लावा. कोणीतरी शहाणा घाईत एका बाजूला दोन ठेवणारच आणि सगळं धाडकन खाली येणार, येऊ द्या. खऱ्या पुलावर एका तुकड्याचा फरक पिअरला सोसेल एवढी सोय केलेली असते.

बाकी सगळ्यात भारी प्रयोग १८८७ मध्ये स्कॉटलंडच्या फोर्थ ब्रिजसाठी बेंजामिन बेकर या इंजिनीअरने लोकांना करून दाखवला होता, तो तुमच्या सहा जणांत होतो. दोन माणसं खुर्चीवर, हात दोन्हीकडे पसरलेले, हातातून खुर्चीच्या बैठकीपर्यंत तिरक्या काठ्या, बाहेरच्या बाजूला विटांचं वजन बांधलेलं आणि आतल्या बाजूला दोघांच्या मधे टांगलेल्या फळीवर तिसरा माणूस. तो तिसरा म्हणजे काइची वातानाबे, जपानी इंजिनीअर, त्याच पुलाच्या कामावर होता. विटांऐवजी दप्तरं बांधा, फळी जमिनीपासून वीतभरच वर ठेवा आणि मधे सगळ्यात लहान पोराला बसवा. मग खुर्चीवरच्यांना विचारा हाताला काय होतंय. "ओढलं जातंय" म्हणतील. काठीला? "दाबली जातेय". झालं काम.

तिरकस:
टॅकोमाचा पूल कोणी कसा काढला नाही अजून? मुलांना पडलेले पूल जाम आवडतात. अमेरिकेतला झुलता पूल, १ जुलै १९४० ला सुरू झाला, ७ नोव्हेंबरला पडला, वारा फक्त ताशी ६५ किमीच्या आसपास. रस्ता कागदाच्या पट्टीसारखा पिळला जात होता. रेझोनन्सचं, म्हणजे ठरावीक तालात धक्के बसून झोका वाढत जाण्याचं, उदाहरण म्हणून छान आहे.

पिअरवाला:
@तिरकस, रेझोनन्स म्हणून नका सांगू, पुस्तकांतही तेच छापतात म्हणून चिडचिड होते. वारा काही ठरावीक तालात ढकलत नव्हता. रस्ता पिळला की वाऱ्याचा जोर त्याला अजून पिळायचा, असं एकमेकांना खतपाणी घालत गेलं. बाजूच्या भिंती भरीव पत्र्याच्या, साधारण २.४ मीटर उंच, वारा आरपार जायला जागाच नाही. १९५० मध्ये तिथे नवीन पूल झाला त्याला जाळीदार खोल ट्रस, म्हणजे त्रिकोणांचा सांगाडा, दिला. मुलांना एवढंच दाखवा की कागदाची पट्टी दोन हातांत सैल धरून फुंकर मारली की फडफडते, आणि तिच्या कडा दुमडल्या की शांत होते. त्या दिवशी माणूस कोणी गेला नाही, पण गाडीत अडकलेला एक कुत्रा गेला, ते सांगायचं का तुम्ही ठरवा.

निवांतबाई:
लोकहो, कुत्र्याचं सांगितलं नाही, थँक्यू.

दप्तरांचा पूल केला. पहिल्यांदा एका बाजूचं दप्तर हलकं निघालं (रिकामं होतं, अर्थात) आणि खुर्चीवरचा दादा आतल्या बाजूला कलंडायला लागला, मधला छोटा फळीवरून घसरून जमिनीवर बसला आणि वर म्हणतो "याच्या दप्तरात अभ्यासच नाही". मग सगळी आपली पुस्तकं त्यात कोंबली आणि चक्क टिकला की हो पूल! दहा वर्षांचा ओरडत होता माझे हात तुटतायत, मी म्हटलं तूच केबल आहेस, सोडू नकोस. दोऱ्याची आयडिया पण मस्त, फक्त सातवीतला भाऊ "दोरा चालणार नाही" असं आधीच सांगून टाकतो, त्याला उद्या वेगळं बसवणार.

आठ वर्षांची खूश आहे पण तिचं नवीन सुरू झालंय. झुलत्या पुलाची ती जाडजूड केबल पलीकडे कोण नेतं? आणि केबलवर चढायला आधी केबल पाहिजे ना?

पिअरवाला:
हिला साइटवर पाठवा राव. जाड केबल कोणी नेतच नाही. अमेरिकेतल्या गोल्डन गेट या झुलत्या पुलाच्या एकेका मुख्य केबलमध्ये २७,५७२ तारा आहेत, त्या जागेवरच एकेक ओढून मग आवळल्यात. त्याच्याआधी आधाराचे दोर आणि चालायला एक तात्पुरती पायवाट. आणि सगळ्यात पहिला दोर म्हणाल तर नायगाराच्या दरीवर १८४८ मध्ये होमन वॉल्श नावाच्या एका पोराने पतंग उडवून पलीकडे नेला होता. त्या पतंगाच्या दोऱ्याला जरा जाड दोरा बांधला, त्याला त्याहून जाड, असं करत करत तारेच्या केबलपर्यंत गेले.

निवांतबाई:
पतंग नाहीये घरात, खोडरबराला शिवायचा दोरा बांधून एका सोफ्यावरून दुसऱ्यावर फेकणं चालू आहे. शेवटी ओढायला कपडे वाळत घालायची दोरी मागतायत. त्यावर कपडे आहेत अजून.