‘पर ह्यात गाणं कुठं हाय?’ अचेबेच्या कासवाच्या गोष्टीवरून एक प्रश्न

विट्याची_कांडी

नमस्कार मंडळी. मी विट्यात एका लूमच्या कारखान्यात हिशेब बघते आणि बाहेरून एम.ए. इंग्रजी करते. अभ्यासाला आफ्रिकेतल्या नायजेरियाच्या चिनुआ अचेबेची ‘थिंग्ज फॉल अपार्ट’ ही कादंबरी आहे, १९५८ ची. ‘मौखिक परंपरेचा प्रभाव’ या प्रश्नाला गाईडात ठरलेलं उत्तर आहे. म्हणी, लोककथा, गाणी, प्रत्येकाची दोन-दोन उदाहरणं टाका, की मार्क आले. मी तेच पाठ करत होते, पण मध्ये आजीनं घोळ घातला.

अकराव्या प्रकरणात एक्वेफी रात्री झोपडीत आपल्या पोरीला, एझिन्माला, कासवाची गोष्ट सांगते. पक्ष्यांना आभाळात जेवणाचं आमंत्रण असतं. दुष्काळात वाळून कोळ झालेलं कासव गोड बोलून प्रत्येकाकडून एकेक पीस मिळवतं आणि त्यांच्याबरोबर निघतं. वाटेत सांगतं की असल्या मोठ्या जेवणाला जाताना नवं नाव घ्यायची रीत असते. आणि स्वतः नाव घेतं ‘तुम्ही सगळे’. वर ताटं आल्यावर साळसूदपणे विचारतं, हे कुणासाठी? यजमान म्हणतात, तुम्हा सगळ्यांसाठी. झालं, पक्ष्यांच्या वाट्याला खरकटं! ते चिडून आपापलं पीस काढून घेतात. कासव पोपटाजवळ बायकोला निरोप देतं, घरातलं मऊमऊ तेवढं अंगणात पसर. पोपट सांगतो, टणक असेल ते पसर. वरून उडी, कवचाचे तुकडे, मग वैद्य बोलवून जोडाजोड.

आजी शेंगा फोडत बसली होती, तिला ही सांगितली. ‘तुम्ही सगळे’ला ती एवढी हसली की ठसका लागला, आणि लगेच आमच्या भावकीतल्या एकाचं नाव घेऊन म्हणाली, ह्यो त्योच. (नाव लिहीत नाही, ते लोक मोबाईल वापरतात.) मग सूप झटकून म्हणाली, “पर ह्यात गाणं कुठं हाय?”

म्हटलं, नाहीये.

“मग कसली ग गोष्ट? भोपळ्यात बसल्याव म्हातारी टुणुक टुणुक म्हणती का न्हाई? पोरं काय नुस्ती ऐकत्यात व्हय?”

मी पुस्तक परत उघडलं. गोष्ट संपते तिथंच एझिन्मा आईला म्हणते, या गोष्टीत गाणं नाही. आई म्हणते, नाही खरं, गाणं असलेली दुसरी आठवून सांगेन, पण आता पाळी तुझी. हे वाक्य मी तीनदा वाचलं होतं आणि तीनही वेळा वरून गेलं होतं! मग पोरगी आपली गोष्ट सुरू करते, तेवढ्यात बाहेर अंधारात देवीची पुजारीण चिएलो हाक मारायला लागते आणि पोरीला पाठीवर घेऊन निघून जाते. पोरीची गोष्ट अर्धीच राहते.

आता माझा प्रश्न. मला वाटायला लागलंय की मौखिक म्हणजे म्हणी-बिणी नव्हेत. ऐकणारं माणूस मध्ये तोंड घालतं, गाणं मागतं, आपली पाळी घेतं, ते मौखिक. मग छापल्यावर हा ऐकणारा जातो कुठं? वाचणारा तर गप्प बसलेला असतो. तिकडच्या लेखकांनी याचं काय केलं? परीक्षेपुरतं नको, खरं काय ते सांगा.

वाळव्याचा_मास्तर

ताई, प्रश्न चांगला आहे, पण ‘तिकडचे लेखक’ असं सगळ्यांना एका दावणीला बांधू नका. नायजेरियातच इग्बो लोक (अचेबे त्यातले) वेगळे, योरुबा वेगळे, केनियातले गिकुयू तर खंडाच्या दुसऱ्या टोकाला.

शिवाय चुलीजवळून उठले आणि कादंबरीत येऊन बसले, असंही झालेलं नाही. अचेबे नायजेरियाच्या रेडिओत नोकरीला होते, भाषणं तोंडात बसतील अशी करून देणं हेच काम. कादंबरीचं नाव घेतलं ते येट्स या आयरिश कवीच्या ओळीतून. म्हणजे आजी आहे, पण कॉलेजही आहे. त्याआधी १९५२ मध्ये आमोस टुटुओला यांची ‘द पाम-वाइन ड्रिंकार्ड’ लंडनच्या फेबर प्रकाशनानं काढली. योरुबा भुताखेतांच्या गोष्टी, इंग्रजी मोडकंतोडकं पण भलतं जिवंत. लंडनवाले खूश झाले आणि नायजेरियातली शिकलेली मंडळी शरमली, की आमची अशी इंग्रजी जगाला दिसली! हे आपल्याला नवं नाही. आमच्या वाटेगावच्या अण्णा भाऊ साठ्यांची ‘फकिरा’ १९५९ ची, अचेबेनंतर वर्षानं. अण्णा भाऊ आधी शाहीर, मग कादंबरीकार. त्यांची भाषाही नाकं मुरडून वाचणारे कमी नव्हते.

म्हणींना मात्र एवढ्या सहज उडवू नका. इग्बो लोकांत म्हण म्हणजे शब्द ज्यात बुडवून खायचे ते ताडतेल, असं तुमच्या पुस्तकाच्या पहिल्याच प्रकरणात आहे. तिथं ओकोये उनोकाकडे दिलेलं कर्ज मागायला आलाय, पण पैशाचं नाव न काढता म्हणीवर म्हणी टाकतोय. ते उदाहरण नव्हे, तो व्यवहार आहे.

साताऱ्याचा_संबळ

मी पुस्तकं वाचलेली नाहीत. आम्ही गोंधळी, पोटापाण्याला मी वर्कशॉपात असतो. ताईंच्या प्रश्नाचं उत्तर मात्र माझ्याकडे आहे.

आख्यान लावणारा एक असतो आणि मागं झील धरणारे. त्यातला एक मध्येच आडवं विचारतो, “राजा गेला म्हणता, पण जेवून गेला का तसाच?” लोक हसतात, तेवढ्यात नाईक घोटभर पाणी पितो आणि पुढचं मनात जुळवतो. आडवा विचारणारा कच्चा असला की आख्यान पडलंच.

लॉकडाऊनमध्ये एका घरी लग्नानंतरचा गोंधळ मोबाईलवर घातला. दिवटी पेटवली, तुळजापूर, जेजुरी, पाली सगळीकडच्या देवांना हाका मारल्या. पण पलीकडच्यांनी आवाज बंद ठेवलेला, आम्हाला त्रास नको म्हणून! एरवी पहाटेपर्यंत चालणारं आख्यान तासाभरात आटपलं. गाळलं काहीच नव्हतं. तुमचं छापलेलं पुस्तक म्हणजे हेच, नाही का?

विट्याची_कांडी

संबळदादा, “गाळलं काहीच नव्हतं” हे मी वहीत लिहून घेतलं. मास्तर, ओकोयेचं पटलं, म्हणी परत घेतल्या.

कृष्णाकाठची_सांगलीकर

आवाज परत चालू करायचा प्रयत्न केला तो केनियाच्या न्गुगी वा थिओंगो यांनी. १९७७ मध्ये कामिरिथु गावात त्यांनी दुसऱ्या एका लेखकाबरोबर गिकुयू भाषेत नाटक बसवलं. नट म्हणजे गावातलेच शेतकरी आणि कामगार, ते संहितेत चुका काढायचे, गाणी सुधारून द्यायचे. सरकारनं नाटकावर बंदी घातली आणि वर्षअखेरीला न्गुगींना उचलून खटल्याशिवाय तुरुंगात टाकलं. तिथं त्यांनी शौचालयाच्या कागदावर गिकुयूत कादंबरी लिहिली, ‘डेव्हिल ऑन द क्रॉस’ या नावानं इंग्रजीत आली ती. तीत गोष्ट सांगणारा गिचांडी वाजवणारा आहे, म्हणजे त्यांच्याकडचा संबळवालाच म्हणा. १९८० मध्ये ती छापून आली तेव्हा घराघरांत एक जण मोठ्यानं वाचायचा आणि बाकीचे ऐकायचे. दारूच्या गुत्त्यातही वाचायचे. रंगात आलेल्या जागी वाचणारा थांबायचा, पेला रिकामा असल्याची आठवण द्यायचा, आणि कुणीतरी तो भरायचं. तमाशातली दौलतजादा काय वेगळी असते!

पण ताई, तुमच्या अचेबेनंही उत्तर दिलेलं आहे, सातव्या प्रकरणात. इकेमेफुना, दुसऱ्या गावातून आणलेला पोरगा, तीन वर्षं कादंबरीचा नायक ओकोंक्वो याच्या घरात वाढलेला. त्याला मारायला रानात नेतायत, त्याला वाटतंय घरी नेतायत. डोक्यावर ताडीचा घडा. आई जिवंत असेल का, ते कळावं म्हणून तो लहानपणचं एक गाणं मनात म्हणत त्या ठेक्यावर चालतो. उजव्या पायावर संपलं तर आई आहे, डाव्यावर संपलं तर नाही, आणि लगेच स्वतःलाच सावरतो, नाही असं नव्हे, आजारी आहे. अचेबेनं ते गाणं भाषांतर न करता इग्बोतच ठेवलं. त्यात ‘साला’ हा शब्द झिलीसारखा परत परत येतो. (हो, आमच्या वाचन गटातही सगळे हसले होते.) एरवी तो शब्द चार पोरांनी मिळून म्हणायचा, इथं गाणाराही तोच आणि झीलकरीही तोच.

साताऱ्याचा_संबळ

अवघड आहे.

विट्याची_कांडी

काल रात्री आजीला हे सांगितलं. गाणं इग्बोतच वाचून दाखवलं, उच्चार देव जाणे. दुसऱ्यांदा ‘साला’ आलं तेव्हा तिनं आपणहून म्हटलं, हसली वगैरे नाही. मग विचारलं, “कुठल्या पायाव सपलं?”

उजव्या.

“मग आई हाय का त्येची?”

म्हटलं, ते पुस्तकात दिलेलं नाही, पण पोराला मारलं. तिनं सूप बाजूला सारलं आणि म्हणाली, “लिवणाऱ्याला कुणी इच्यारलं न्हाई व्हय?”