पोर्ट्समथ–गॉसपोर्ट: पाणबुडी आणि जुनं बंदर, आईबाबांना घेऊन. सल्ला हवा आहे

वेलांटी
नमस्कार मंडळी. उन्हाळ्यात आईबाबा आमच्याकडे इंग्लंडला येताहेत. बाबा माझगाव डॉकमधून फिटर म्हणून रिटायर झाले, शाल्की पाणबुडीच्या बांधणीत होते. राजवाडे आणि बागा दाखवल्या तर "छान आहे" म्हणून पुढे चालू लागतात, जहाज दिसलं की मात्र माणूस जागचा हलत नाही. त्यामुळे पोर्ट्समथचं जुनं नाविक बंदर आणि पलीकडे गॉसपोर्टला ठेवलेली अलायन्स पाणबुडी, एवढं नक्की ठरलंय.

प्रश्न असे: आईचे गुडघे दुखतात आणि बंद जागेत तिला घुसमटतं. तिला पाणबुडीत नेणं कितपत शहाणपणाचं? गाइड घ्यावा की आपलं आपण फिरावं? आणि लंडनहून सकाळी निघून एका दिवसात पाणबुडी, व्हिक्टरी आणि मेरी रोझ ही जुनी लढाऊ जहाजं आणि बंदरातली बोटीची फेरी हे सगळं जमतं का? सोबत आठ वर्षांचा लेक आहे, त्याचा "का?" दर दोन मिनिटांनी असतो.

खाडीकाठ
चारही गोष्टी एका दिवसात उरकता येतील, बघून होणार नाहीत. तुमचे बाबा फिटर आहेत म्हणजे पाणबुडीतच अर्धा दिवस गेला असं समजा आणि बाकीचं त्याभोवती बसवा.

सकाळी आधी गॉसपोर्ट. बहुतेक लोक ट्रेनमधून उतरून समोरच्या डॉकयार्डात, म्हणजे जुन्या नाविक बंदरात, शिरतात आणि पाणबुडीकडे दुपारनंतर वळतात. सकाळी आत गर्दी कमी असते, गाइडला बोलायला सवड असते आणि आपले पायही ताजे असतात. अलायन्समध्ये गर्दी झाली की मजा गेली, कारण समोरून कोणी आलं तर कुणाला तरी अंग चोरून भिंतीला चिकटावंच लागतं.

आईंबद्दल. उभ्या शिडीनं वरून आत उतरायचं असं काही नाही. पाहुण्यांसाठी कुशीतच दार काढलंय, साध्या जिन्यानं वर जाऊन आत शिरता येतं. खरी अडचण आतल्या बल्कहेडच्या, म्हणजे कप्प्यांमधल्या आडव्या भिंतींच्या, दारांची. ती मूळचीच आहेत: गोल, बुटकी, उंबरा गुडघ्याच्या आसपास. एक पाय टाकायचा, डोकं वाकवायचं, मग दुसरा पाय ओढायचा, आणि हे एकदाच नाही. गुडघे फार दुखत असतील तर मी नेणार नाही.

मस्तूल
खाडीकाठ यांना अनुमोदन. गाइडच्या प्रश्नावर माझं मत: घ्याच. तिथले बरेचसे गाइड स्वतः पाणबुडीवर नोकरी केलेले असतात. पाटी वाचून कळतं की ही बोट सुमारे ८६ मीटर लांब, २८ जुलै १९४५ ला बॅरो-इन-फर्नेसच्या व्हिकर्स-आर्मस्ट्राँग कारखान्यात पाण्यात उतरली, जपानविरुद्ध पॅसिफिकमधल्या लांब पल्ल्यासाठी आखलेली, आणि ती तयार होईतो युद्धच संपलं. ठीक आहे. पण साठ-पासष्ट माणसं त्या नळीत आठवडेच्या आठवडे कशी राहिली, हे पाटीवर मावत नाही.

स्नॉर्टचं उदाहरण देतो. डिझेल इंजिनाला हवा लागते, म्हणून जुन्या पाणबुड्यांना बॅटरी चार्ज करायला वर यावं लागे. स्नॉर्ट म्हणजे पाण्याबाहेर काढलेली हवेची नळी, तिच्यामुळे बोट पाण्याखाली राहूनच इंजिन चालवू शकते. अलायन्सनं १९४७ मध्ये अशी सलग ३० दिवस पाण्याखाली काढून चाचणी दिली होती. इतकं पुस्तकात मिळतं. गाइड पुढचं सांगतो: लाट नळीच्या तोंडावरून गेली की झडप बंद होते, इंजिन मात्र थांबत नाही, ते बोटीतलीच हवा ओढू लागतं. सगळ्यांच्या कानाला दडे. झडप उघडली की पुन्हा दडे. झोपेतसुद्धा. रात्रभर.

लेकासाठी संडासाची गोष्ट आहे, ती विचारल्याशिवाय बाहेर येऊ नका. पाण्याखाली असताना घाण बाहेर टाकायला दाबाची हवा वापरतात आणि व्हॉल्व्ह ठरलेल्या क्रमानंच उघडावे लागतात. क्रम चुकला तर सगळं ऐवज व्याजासकट परत. आठ वर्षांच्या मुलाला याहून चांगलं विज्ञान कुठल्या वर्गात मिळणार?

तिरकस
थोडा विरोधी सूर लावतो. पाणबुडीचं कौतुक जरा जास्तच होतंय. नळ्या, व्हॉल्व्ह, डायल, पुन्हा नळ्या. पोर्ट्समथला जाऊन ज्यानं मेरी रोझ घाईत बघितली त्यानं काय बघितलं? १५४५ च्या जुलैत इंग्लंडच्या राजाच्या, आठव्या हेन्रीच्या, डोळ्यांदेखत बुडालेलं जहाज, चारशेच्या वर वर्षं चिखलात, ११ ऑक्टोबर १९८२ ला वर काढलं. अर्धाच सांगाडा उरलाय, चिखलात रुतलेली उजवी कूस टिकली आणि उघडी राहिलेली डावी समुद्रानं खाल्ली. लाकूड तडकू नये म्हणून २०१३ पर्यंत त्यावर सतत फवारे चालू होते. शिवाय माणसांचं सामान: कंगवे, बूट, वाडगे, धनुष्यं, सुताराची हत्यारं. आईंना हे पाणबुडीपेक्षा नक्की आवडेल, आणि तिथं चालणंही सोपं आहे.

मस्तूल
@तिरकस, मेरी रोझला नाही कुठे म्हटलंय! पण ज्या माणसानं पाणबुडी बांधलीय त्याला "नळ्या, पुन्हा नळ्या" असं कसं दिसेल? त्याला प्रत्येक नळी कुठे जाते ते बघायचं असेल.

तिरकस
हा मुद्दा मान्य. बाबांना नळ्या, आईंना मेरी रोझ. मेरी रोझला दोन तास तरी ठेवा.

सातासमुद्रापार
आमच्या सासूबाईंचंही असंच होतं, बंद जागा अजिबात चालत नाही. त्यांना अलायन्समध्ये नेलंच नाही. त्याच आवारात हॉलंड १ वेगळ्या इमारतीत ठेवलीय, ती त्यांनी सावकाश बघितली. ब्रिटिश नौदलाची पहिली पाणबुडी, २ ऑक्टोबर १९०१ ला पाण्यात उतरलेली. १९१३ मध्ये भंगारात न्यायला ओढून नेताना वाटेत बुडाली, १९८१ मध्ये सापडली, १९८२ ला वर काढली. म्हणजे मेरी रोझ आणि ही, दोघी एकाच वर्षी बाहेर! पेट्रोल इंजिन होतं, त्यामुळे आतली हवा विषारी होतेय का हे कळायला पांढरे उंदीर पाळत असत. सासूबाई त्या उंदरांवरच अडकल्या, त्यांना पगार मिळायचा का म्हणून गाइडला विचारायला लावलं.

एक्स-२४ पण बघा. चार माणसांची चिमुकली पाणबुडी, १९४४ मध्ये नॉर्वेतल्या बर्गन बंदरात दोनदा शिरली. पहिल्या खेपेला तरंगत्या गोदीऐवजी शेजारचं जहाज उडवलं, सप्टेंबरात पुन्हा जाऊन गोदी बुडवली. तिचा आकार बघून बाबांना राग येईल असं वाटतं, एवढ्याशा जागेत माणसं पाठवली म्हणून.

काटकसर
पैशाचं बोलतो. डॉकयार्डाचं तिकीट एकाच आकर्षणाचं घेण्यापेक्षा सगळ्यांचं एकत्र मिळतं ते घ्या, ते वर्षभर चालतं. वर्षभर चालतं म्हणजेच एका दिवसात सगळं कोंबायची गरज नाही. दर आणि वेळा बदलत राहतात, ऑनलाइन आधी बघा. गॉसपोर्टला जायला डॉकयार्डातून वॉटरबस असते, पण ती कुठल्या दिवशी, किती वाजेपर्यंत चालते हे त्या आठवड्याचं बघून घ्या. नाहीच मिळाली तर पोर्ट्समथ हार्बर स्टेशनला लागूनच गॉसपोर्टची फेरी बोट सुटते, काही मिनिटांत पलीकडे. तिथून म्युझियमपर्यंत वीसेक मिनिटं चालणं. आईंसाठी टॅक्सी करा. गॉसपोर्टला रेल्वे स्टेशन नाही, त्यामुळे नकाशात ट्रेन शोधत बसू नका.

लंडनहून वॉटर्लू ते पोर्ट्समथ हार्बर. शेवटचंच स्टेशन आहे, झोप लागली तरी चालेल.

मस्तूल
बंदरातल्या फेरीबद्दल कोणी बोललं नाही म्हणून. ती दुपारी जेवणानंतर ठेवा, सगळ्यांचे पाय दमलेले असतात तेव्हा बसून बघता येतं. बोटीवर माहिती सांगणारा असतो. नशीब असेल तर क्वीन एलिझाबेथ किंवा प्रिन्स ऑफ वेल्स यांपैकी एखादी विमानवाहू नौका धक्क्याला असते, २८० मीटर लांब. बोटीतून तिच्याकडे वर बघताना मान दुखते. लगेच शेजारी १८६० ची वॉरियर युद्धनौका, लोखंडी हलची, म्हणजे बाहेरचं कवच लोखंडाचं. एकाच नजरेत दीडशे वर्षांचं अंतर, आणि बाबांना रिव्हेट आणि वेल्डिंग यांतला फरक सांगायला मोठा श्रोतृवर्ग.

या बंदराचं तोंड फार अरुंद आहे, म्हणून तर ते इतकं सुरक्षित. सातव्या हेन्रीनं १४९५ मध्ये इथेच ड्राय डॉक, म्हणजे जहाज दुरुस्तीची कोरडी गोदी, बांधला. फुकटात बघायचं असेल तर जुन्या पोर्ट्समथमधल्या गोल बुरुजावर जा. मोठं जहाज त्या तोंडातून बाहेर पडतं तेव्हा हात लांब करून लागेल असं वाटतं.

अवांतर: बाबांना हे नक्की सांगा. ट्रिंकोमाली नावाचं शिडाचं लढाऊ जहाज १८१७ मध्ये मुंबईच्या गोदीत जमशेटजी वाडियांनी सागवानात बांधलं. ते फूद्रोयां या नावानं कित्येक वर्षं याच बंदरात उभं होतं, मुलांना जहाजावरचं शिक्षण द्यायला. १९८० च्या दशकात ते डागडुजीसाठी उत्तरेला हार्टलपूलला नेलं, आता मूळ नावानं तिथेच आहे आणि अजून तरंगतंय. पुढच्या सहलीची सोय झाली.

खाडीकाठ
आणि व्हिक्टरीबद्दल अपेक्षा जरा आवरून ठेवा. १७६५ मध्ये पाण्यात उतरलेलं, १८०५ च्या ट्राफल्गरच्या लढाईत ब्रिटिश नौसेनापती नेल्सनचं जहाज, १९२२ पासून ड्राय डॉकमध्ये. सध्या मोठी दुरुस्ती चालू आहे, परांची बांधलेली, त्यामुळे तीन डोलकाठ्यांचा तो नेहमीचा फोटो मिळणार नाही. पण कुजलेल्या फळ्या कशा काढतात हे फिटरला डोलकाठ्यांपेक्षा जास्त रंजक वाटेल. आत छत खूप खाली, उंच माणसांनी कपाळ सांभाळा.

अलायन्सच्या दुरुस्तीचंही विचारायला सांगा. पूर्वी ती पाण्यावर उचलून धरल्यासारखी उभी होती. खाऱ्या वाऱ्यानं आणि कबुतरांनी पुढची-मागची टोकं पोखरली, आणि खाली पाणी असल्यानं धड कामही करता येईना. शेवटी भोवती बांध घालून, खाली भराव टाकून, जमीन करून मग पत्रे बदलले. २०१४ मध्ये पुन्हा उघडली.

वेलांटी
मंडळी, इतकं सगळं मिळेल असं वाटलं नव्हतं. बाबांना फोनवर सांगितलं. ते म्हणाले, "आम्ही पाणबुडी बांधली, पण माणसं तीत राहताना कुठे बघितली? काम झालं की बाहेर." त्यामुळे गाइड नक्की. विशाखापट्टणमची कुरसुरा पाणबुडी त्यांनी बघितलीय, तिथेही निवृत्त नौसैनिकानंच फिरवलं होतं. ती सोव्हिएत बनावटीची, ९१ मीटरची, तेव्हा आता तुलना अटळ आहे.

ठरलं ते असं: दोन दिवस, एक रात्र पोर्ट्समथला मुक्काम. पहिल्या दिवशी सकाळी गॉसपोर्ट, आई हॉलंड १ आणि उंदीर बघणार, आम्ही तिघं अलायन्समध्ये. दुपारी बंदराची फेरी. दुसऱ्या दिवशी मेरी रोझ, मग वेळ उरेल तशी व्हिक्टरी. पाठीवरची सॅक पाणबुडीत नेऊ का?

खाडीकाठ
नको. दारातून वाकून जाताना सॅक वरच्या काठाला अडकते आणि मागची रांग थांबते. सॅक आईंकडे देऊन जा. आणि कंट्रोल रूममध्ये पेरिस्कोपला डोळा लावायला लेकाला आधी सोडा, तिथून बंदर दिसतं. बाबांना आधी सोडलंत तर त्याचा नंबर लागणार नाही.