परदेशात सरकारी भाषावर्गाला बसलात का? अनुभव सांगा

ऊन_पंचेचाळीस:
आज नागपुरात गोकुळपेठ बाजारात ईशान्येकडची एक पोरगी भाजीवाल्या मावशीला म्हणाली, "पाव किलो भेंडी द्या." मावशींनी तराजू थांबवला. "भेंडी नाही माय, गवार आहे थे." आणि दोनदा म्हणवून घेतलं. मला एकदम स्वीडनमधलं उमेओच आठवलं.

नवऱ्याच्या नोकरीपायी उत्तर स्वीडनला गेले, तेव्हा नगरपालिकेच्या एसएफआयला नाव घातलं. बाहेरून आलेल्यांसाठी स्वीडिशचा वर्ग, फी शून्य. पहिल्या दिवशी बाईंना विचारलं, इथं बसू का? त्यांनी "शूप" करून श्वास आत ओढला. मी उभीच. परत विचारलं, परत शूप. म्हटलं बाईंना दमा दिसतो. शेवटी सीरियातल्या एका दादाने हातानेच खुणावलं, बस! तिकडे उत्तरेत "हो" असंच म्हणतात.

बाजूच्या खोलीत शाळाच न पाहिलेल्यांचा वर्ग. तिथली सोमाली आजी मधल्या सुट्टीत वही दाखवायला यायची. पानभर स्वतःचं नाव. छान म्हटलं की पान उलटायची, तिथंही नावच. निघायच्या आधी एकदा बसस्टॉपवर तिनेच मला बसची पाटी वाचून दाखवली. बस चुकीची होती, पाटी मात्र बरोबर वाचली.

टिल्लू:
शूप!! ऑफिसात करून पाहिलं, बाजूचा म्हणे मिरची लागली का बे

काळी_माती:
जर्मनी. ६०० तास भाषा, वर १०० तास इतिहास-कायदे. त्या कायद्यांच्या पेपरात ३३ प्रश्न, १५ बरोबर आले की पास. निम्मी फी भरली होती, वेळेत पास झाले म्हणून त्यातली निम्मी परत. पण आकड्यांत आपण राजे! ते पंचेचाळीसला "पाच आणि चाळीस" म्हणतात. ब्राझीलची पोरगी रडकुंडीला आलेली, मी आणि अरबी बोलणाऱ्या काकू निवांत. त्यांच्यातही एकक आधी.

जरीपटका_वाली:
आमची दादी फाळणीनंतर सिंधहून आली, तिला कोणता क्लास अन् काय! इतवारीतल्या गिऱ्हाइकांनी शिकवली मराठी. आधी आकडे, मग "महाग नाही लावलं", मग शिव्या. ळ शेवटपर्यंत नाही जमला.

ऊन_पंचेचाळीस:
शिव्या आधी शिकली असणार, तुला सांगितलं नाही

रेवती_घाईत:
कुकर लावलाय, पटकन लिहिते. कॅनडात लिंकला जायचे, म्हणजे बाहेरून आलेल्यांचा सरकारी इंग्रजी वर्ग. पोराला तिथंच सांभाळायचे, खरं तर त्यासाठीच जायचे. आई आली तर तिला बसू देईनात, व्हिजिटर ना, पीआर म्हणजे कायम राहायचा परवाना पाहिजे. ती बाहेर बाकावर विणत बसायची. महिन्याभरात माझ्यापेक्षा तिच्याच ओळखी जास्त. इंग्रजी शून्य. शिट्टी झाली

टिल्लू:
जरीपटका_वाली, कोपऱ्यावरचा दाल पकवानवाला आहे का अजून?

जरीपटका_वाली:
आहे की. रविवारी ९ च्या आत या, मग संपून जाते

ऊन_पंचेचाळीस:
विषय भाषेचा होता बाप्पा. किती वाजता म्हणालीस?