ॲक्रिलिक नखं आठवड्यातच मागून सुटतायत. प्रायमर बदलू का?

नखरंग, विश्रामबाग (सांगली)

नमस्कार. मी विश्रामबागला घरातच पार्लर चालवते. थ्रेडिंग, फेशियल आधीपासून होतं, दिवाळीनंतर ॲक्रिलिक नखं सुरू केली. डिझाइन बायकांना आवडतात, पण लिफ्टिंगनं जीव नकोसा केलाय. बसवताना एकदम पक्कं वाटतं आणि आठवडा होतोय न होतोय तोवर फोटो यायला लागतात, "अगं हे बघ, मागून उचललंय." जवळजवळ प्रत्येकीचं क्युटिकलच्या बाजूनंच सुटतं. उजव्या हाताचा अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट तर ठरलेलंच. त्या फटीत केस अडकतात. एका काकूंनी तर घरच्या घरी सुपरग्लू भरला.

माझी पद्धत अशी: हात साबणाच्या कोमट पाण्यात भिजवते, क्युटिकल ढकलते, बफर मारते, प्रायमरचे (थर नखाला धरावा म्हणून लावतात तो द्रव) दोन हात देते, मग टिप (प्लास्टिकचं जोडनख) आणि वर ॲक्रिलिक. पावडर एका कंपनीची आहे, मोनोमर (पावडर कालवायचा द्रव) ऑनलाइन स्वस्तात मिळालं ते दुसऱ्याच कंपनीचं. क्लासमध्ये सगळा भर नेल आर्टवर होता, खालच्या तयारीला फारसा वेळ दिलाच नाही. लग्नसराई तोंडावर आलीय. महागातला प्रायमर घेऊ का? कुणाचा अनुभव असेल तर प्लीज सांगा.

मिरजेची नेलवाली

प्रायमरवर आणखी पैसे घालू नकोस. नख कुठून सुटतंय हे तू नीट लिहिलंस, त्यामुळं निम्मं काम झालंय. क्युटिकलच्या बाजूनं आणि जवळजवळ सगळ्यांचंच, म्हणजे गिऱ्हाइकांचा दोष नाही, तयारीतच काहीतरी राहतंय. एकाच बाईचं परत परत सुटत असतं तर मी तिचं रोजचं काम काय ते विचारलं असतं. टोकाकडून सुटत असतं तर लांबी आणि टिप बघायला सांगितली असती.

आधी ते कोमट पाण्याचं भांडं बाजूला ठेव. साध्या मॅनिक्युअरला ते ठीक, ॲक्रिलिकच्या आधी नको. नख पाणी पितं आणि भिजत घातलेल्या हरभऱ्यासारखं फुगतं. त्या फुगलेल्या नखावर तू कडक थर बसवतेस. मग नख वाळून मूळ आकाराला येतं, थर मात्र आहे तसाच राहतो, आणि सुटायला सुरुवात होते. हात साबणानं धुवायला लाव, कोरडे पुसायला लाव, बास.

आता क्युटिकल. नुसतं ढकलून भागत नाही गं. बुडाशी जी जिवंत कातडी असते ती फक्त मागं सारायची, कापायची नाही. पण तिच्याखालून एक पातळ, जवळपास पारदर्शक मेलेला पापुद्रा नखाला चिकटून पुढं आलेला असतो. सगळा घोळ त्याचा. टेबललॅम्प तिरपा करून बघ, नखाच्या बुडाशी पांढुरकी कड दिसेल. दोन्ही कोपऱ्यांत, जिथं नख कातडीत वळतं, तिथं हमखास सापडते. पुशरच्या कडेनं हलक्या हातानं खरवडली की पांढरी भुकटी निघते. भुकटी निघायची थांबेपर्यंत काढायचं. ॲक्रिलिक त्या पापुद्र्यावर बसलं तर ते पापुद्र्यालाच चिकटतं, नखाला नाही. नख वाढून पुढं सरकलं की दोन्ही मिळून उचलतात. मी गिऱ्हाइकाला सुद्धा ही भुकटी दाखवते, म्हणजे मी इतका वेळ काय करत बसलेय ते तिला कळतं.

त्यानंतर नखाची चमक काढायची. १८० ग्रिटची फाइल, हलका हात, चमक गेली की थांबायचं. जास्त घासलं की जास्त धरतं असं बरेच जण सांगतात, त्यांचं ऐकू नकोस. नख पातळ झालं की ते वाकतं, वरचा कडक थर वाकत नाही, आणि मधे फट पडते. शिवाय त्या मुलीचं नख खराब होतं ते होतंच, ते नवं यायला महिने जातात. नख महिन्याला साधारण ३ मिलिमीटर वाढतं, एवढाच त्याचा वेग. धूळ कोरड्या ब्रशनं झाड, बोटानं नको.

डिहायड्रेटर तुझ्या यादीत दिसला नाही. तो हवाच. नखावरचं तेल आणि ओल तो काढतो, पण थोड्या वेळापुरतंच, नखाचं स्वतःचं तेल परत वर येतं. त्यामुळं दहाही बोटं तयार करून चहाला उठायचं नाही. एक हात पुरा कर, मग दुसरा घे. तयार हात टॉवेलवर ठेवायला सांग आणि लक्ष ठेव. आपल्याकडच्या बायका डोक्याला खोबरेल लावून येतात. मोबाइल वाजला, कानामागं बट सारली, की ते नख तेलकट झालं. माझ्यासमोर कुणी केसांना हात लावला तर मी त्या बोटाला परत पहिल्यापासून डिहायड्रेटर लावते, मागं कितीही जणी थांबलेल्या असू देत.

प्रायमर दोन हात नको. ॲसिडवाला असेल तर ब्रश बाटलीच्या काठाला पुसून नखाच्या मधोमध फक्त टेकवायचा, तो आपोआप पसरतो. वाळून खडूसारखा पांढरा दिसेपर्यंत हात लावायचा नाही. त्यात मेथाक्रिलिक ॲसिड असतं, कातडीला भाजतं, आणि ओला असताना टिपही खराब करतो. बिनॲसिडवाला असेल तर तो चिकट आणि चमकदारच राहतो, पांढरा व्हायची वाट बघू नकोस. तुझा कुठला आहे ते बाटलीवर बघ.

आणि मोनोमर पावडरच्याच कंपनीचं घे. हे मी कळकळीनं सांगते. पावडरमध्ये बेंझॉईल पेरॉक्साइड असतं, त्यानं थर घट्ट होतो, आणि त्याचं प्रमाण त्या कंपनीच्या मोनोमरला धरून ठरवलेलं असतं. दुसरं मोनोमर घातलं की थर वरून कडक दिसतो, आतून कच्चा राहू शकतो. स्वस्त बाटलीत एमएमए (मिथाइल मेथाक्रिलेट) तर नाही ना तेही बघ. नखाला ईएमए (इथाइल मेथाक्रिलेट) वापरतात. अमेरिकेत एफडीएनं (तिथलं अन्न-औषध प्रशासन) १९७० च्या दशकाच्या सुरुवातीलाच निव्वळ एमएमए असलेली नखांची उत्पादनं बाजारातून काढायला लावली, कारण बायकांची नखं आणि बोटं खराब झाल्याच्या तक्रारी आल्या होत्या. वास फार उग्र, थर दगड, आणि ॲसिटोनमध्ये किती भिजवलं तरी सुटत नाही, अशी त्याची लक्षणं. पावडरच्या डब्यावर पॉलिमिथाइल मेथाक्रिलेट लिहिलेलं असतं त्याला घाबरू नकोस, ते आधीच जोडलं गेलेलं पॉलिमर आहे. द्रवात एमएमए नको.

बीडबद्दल, म्हणजे ब्रशवर मोनोमर आणि पावडरचा जो गोळा बनतो त्याबद्दल, तू काहीच लिहिलं नाहीस. नखावर ठेवल्यावर पसरून कातडीकडं धावते का? तर ती फार ओली.

नखरंग, विश्रामबाग

ताई, एवढं सविस्तर कुणीच सांगितलं नव्हतं. हो, धावते. विशेषतः बुडाशी ठेवते ती. मग मी ऑरेंज स्टिकनं कातडीवरून पुसून घेते. बाटली बघितली, प्रायमर बिनॲसिडवाला आहे आणि मी तो वाळायची वाट बघत फॅनखाली हात धरायला लावत होते.

मिरजेची नेलवाली

मग उरलेलं कारण हेच. कातडीला लागलेलं ॲक्रिलिक पुसलं तरी बारीक पदर राहतो. कातडी हलते, बोट वाकतं, तो पदर ओढला जातो आणि थराची कड उचलते. शिवाय कच्चा मोनोमर कातडीला रोज लागणं वाईट, पुढं ॲलर्जी येते ती जन्मभर राहते.

द्रव साधारण दीड भाग आणि पावडर एक भाग असं प्रमाण सांगतात, पण ब्रशवर कोण मोजणार? बीडकडं बघायचं. ब्रश मोनोमरमध्ये बुडवून एक बाजू काठाला पुसायची, टोक पावडरीत हळू फिरवायचं. बीड नखावर ठेवल्यावर जागच्या जागी गोल बसली पाहिजे, मग सावकाश थोडी सैल व्हावी, वर ओलसर चकाकी दिसावी. लगेच पसरली तर ओली. दाणेदार, भुरभुरीत राहिली तर कोरडी, ती नखाला नीट भिजवतच नाही आणि आत हवा राहते. बुडाशी सगळ्यात छोटी बीड घे आणि कातडीपासून केसभर जागा सोड. ब्रशनं तिला मागं ढकलू नकोस, पुढं ओढ. कातडीजवळचा थर इतका पातळ हवा की बोट फिरवलं तर पायरी लागू नये. जाडी नखाच्या मधल्या भागात, ताण पडतो तिथं.

सदरबझार, सातारा

मी साताऱ्यात हेच काम करते. ताईंनी सांगितलेलं सगळं बरोबर आहे, फक्त हवेचं एक जोडते. आमच्याकडं डिसेंबर-जानेवारीत सकाळच्या गारठ्यात थर लवकर धरतच नाही, कधी कधी वर बर्फाच्या नक्षीसारखे कण दिसतात. ते दिसले की नख तिथंच काढून परत करते, ते टिकत नाही. खोली २१ ते २४ अंशांच्या आसपास असली की काम छान होतं. गिऱ्हाइकाचे हात गार असतील तर आधी चोळून ऊब आणायला सांगते. मोनोमरची बाटली गॅसजवळ किंवा गरम पाण्यात ठेवून कुणी कोमट करू नका, ते पेट घेतं.

मिरजेची नेलवाली

बरोबर. सांगलीत एप्रिल-मेमध्ये नेमकं उलटं. ब्रशवरच घट्ट व्हायला लागतं, म्हणून बीड छोटी घ्यायची, वाटीत मोनोमर थोडंच ओतायचं आणि झाकण ठेवायचं. पंख्याचा झोत टेबलावर नको. आणि पाण्याचा कूलर त्या खोलीत लावू नकोस, हवेत ओल वाढते. घामेजल्या हातांना डिहायड्रेटर लावल्यावर लगेच काम सुरू करायचं.

यार्डातली हिशेबनीस

मी नखं करून घेणारी, करणारी नाही. मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात हिशेब बघते. माझा पण उजवा अंगठाच सुटायचा. आमच्या नेलवालीनं माझा हात बघून विचारलं, "पोत्याची सुतळी नखानं सोडता का?" सोडत होते, आणि स्टेपलरची पिन, लोणच्याच्या बरणीचं झाकण, गॅसच्या लायटरचा खटका, सगळं त्याच अंगठ्यानं. आता बोटाच्या पेरानं किंवा चमच्यानं करते. भांड्यांना रबरी हातमोजे घालते. कणीक मळताना मोजे घालणं मला जमत नाही, म्हणून लांबीच कमी ठेवली, त्याचा फार फरक पडला. रात्री झोपताना नखाच्या कडेला क्युटिकल ऑइल लावते. आधी वाटायचं तेलानं सुटेल, पण काम झाल्यावर लावलेलं तेल उलट चांगलं. ताई, तुमच्या गिऱ्हाइकांना हे बसल्या बसल्या सांगत जा, आम्हाला कुणी सांगितल्याशिवाय कळत नाही.

त्वचाविभाग सिस्टर, मिरज

त्या सुपरग्लूवाल्या काकूंना लवकर बोलावून घ्या. फट बंद केली की आत पाणी कोंडतं, आणि ओलीत वाढणाऱ्या सूडोमोनास जंतूंमुळं नख हिरवट पडतं. लोक त्याला बुरशी समजून मलम लावत बसतात. हिरवं दिसलं तर वरचं सगळं काढा, नवीन काही बसवू नका, आणि त्वचेच्या डॉक्टरांना दाखवायला सांगा.

आणखी एक गोष्ट काळजीनं सांगते. ॲक्रिलिक नखावरून सुटणं वेगळं, आणि खुद्द नखच खालच्या मांसापासून सुटणं वेगळं. नखाखाली पांढरा किंवा पिवळा भाग वाढत चाललाय, दुखतंय, बोटांभोवती खाज, लाली, बारीक पुरळ आहे, असं असेल तर तिला नखं करू नका. ॲक्रिलेटची ॲलर्जी एकदा आली की दात भरायचं मटेरियल, हाडाच्या ऑपरेशनचं सिमेंट यांच्या वेळीही डॉक्टरांना सांगावी लागते, कारण त्यातही त्याच जातीची रसायनं असतात. तुम्ही स्वतः नायट्राइलचे हातमोजे वापरा. मोनोमर त्यातूनही झिरपतं, म्हणून सांडलं की लगेच बदला.

नखरंग, विश्रामबाग

सिस्टर, काकूंना आत्ताच फोन केला, उद्या येतायत. नेलवाली ताई, दोन शेवटचे प्रश्न. उचललेलं नख रिफिलला (वाढलेल्या नखाची बुडाशी मोकळी झालेली जागा भरायला) आलं तर निपरनं तेवढा तुकडा काढायचा ना? आणि नवरीची मेंदी, हळद आणि नखं, आधी काय?

मिरजेची नेलवाली

निपर नको. कडेला धरून तोडलं की जिथं चिकटलेलं आहे तिथली नखाची पापडी सुद्धा उपटून येते आणि फट आणखी आत जाते. उचललेला भाग फाइलनं घासत पातळ करत जा, जिथं घट्ट धरलंय तिथपर्यंत. सीमेवरची पांढरी सावली नाहीशी झाली की थांब, मग तेवढ्या जागेची तयारी पहिल्यापासून. उचललेल्यावर नवा थर कधीच चढवायचा नाही. अर्ध्याच्या वर सुटलं असेल तर ॲसिटोनमध्ये भिजवून सगळंच काढ. आणि रिफिल दोन-तीन आठवड्यांत व्हायलाच हवं, बाई महिना-दीड महिन्यानं आली तर जाडीचा भाग टोकाकडं सरकलेला असतो आणि धक्का बुडाला बसतो.

नवरीची मेंदी आधी, नखं नंतर. मेंदीच्या कोनात निलगिरीचं किंवा लवंगेचं तेल असतं, रंग चढावा म्हणून वरून परत तेल चोळतात, त्यामुळं त्याच दिवशी नखं घेऊ नकोस. दुसऱ्या दिवशी घे, दोनदा साबणानं हात धुवून, आणि डिहायड्रेटरला कंजूषी नको. नखावर मेंदीचा रंग बसलेला असला तरी चालतो, तो घासून काढायच्या भानगडीत पडू नकोस. हळद नखांच्या आधी उरकत असेल तर फारच छान. नाहीतर न्यूड किंवा फ्रेंच टिप पिवळी पडते, म्हणून अशा नवरीला मी मरून किंवा गडद गुलाबीच सुचवते आणि वर जेल टॉप कोट देते. तिच्या आईला सांगून ठेव, हळद लागली की लगेच हात धुवायला लावा, रात्रभर तशीच ठेवू नका.