मदत हवी आहे : साध्या जवानाच्या, पोलीस शिपायाच्या नोकरीवरची पुस्तकं

बाबा मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार म्हणून निवृत्त झाले. मोतीबिंदू काढल्यापासून पुन्हा वाचायला लागलेत, ओळीवर बोट ठेवून. २६/११ ला शहीद झालेले पोलीस अधिकारी अशोक कामटे यांच्यावरचं, त्यांच्या पत्नी विनिता कामटे यांचं 'टू द लास्ट बुलेट' मराठीतून दोनदा झालं. पण २६/११ चा विषय निघाला की ते हातात नुसती लाठी असताना कसाबला धरून ठेवणाऱ्या तुकाराम ओंबळेंवरच येऊन थांबतात. "साहेबांवर पुस्तकं निघतात गं, लाठीवाल्यावर कोण लिहितं?"

तर शिपाई-जवानांच्या रोजच्या नोकरीवरचं काही सुचवाल का? बंदोबस्त, रात्रपाळी, ऐन गणपतीत रद्द झालेली रजा, असलं. स्वतः लिहिलेल्या आठवणी असतील तर फारच छान. लढायांचे नकाशे नकोत (ते मलाच ऐकवतात!). टाइप मोठा हवा. आवृत्ती संपलेली असली तरी नाव सांगा, बेळगावात जुन्या पुस्तकांत शोधीन.