मरणाऱ्याने मरण 'स्वीकारावं' हा आग्रह कुणासाठी?

शुश्रूषक
बरं न होणाऱ्या आजारात घरचे हमखास म्हणतात, 'त्यांनी आता स्वीकारायला हवं.' मला हा आग्रहच चुकीचा वाटतो. मन शांत झालं का, हे बाहेरून कुणालाच मोजता येत नाही. स्वीकार दिसतो तो कामांत, आणि मन तयार नसलं तरी कामं करता येतात.

हृदय बंद पडलं तर छाती दाबून ते पुन्हा सुरू करण्याचा प्रयत्न करायचा का? व्हेंटिलेटर हवा का? शेवटचे दिवस घरी काढायचे की रुग्णालयात? माणूस स्वतः बोलू शकतो तोवर हे विचारून लिहून ठेवावं. त्याला बोलता येईनासं झालं की निर्णय कोण घेणार, ते एकच नाव ठरवावं. दोन भावंडं मध्यरात्री दोन वेगळी उत्तरं द्यायला लागली की डॉक्टर शक्य ते सगळं करत राहतात, आणि बहुतेकदा ते रुग्णाला नकोच असतं.

बोलायला सुरुवात माहिती देऊन करू नये, विचारून करावी. 'आजाराबद्दल तुम्हाला आतापर्यंत काय काय कळलंय?' मग, 'आणखी किती जाणून घ्यायची इच्छा आहे?' मग, 'सगळ्यात जास्त काळजी कशाची वाटते?' एवढं विचारून गप्प बसायचं. घोटाळा इथेच होतो. ती शांतता सहन होत नाही, कुणीतरी 'असं काय बोलता, बरे व्हाल' म्हणतं, आणि रुग्ण तो विषय पुन्हा काढत नाही. हे सगळं शेवटच्या आठवड्यावर ढकलू नका. तेव्हा झोप वाढलेली असते, कित्येकांना भ्रम होतो. मनातलं बोलायची वेळ त्याच्या बरीच आधी संपते.

तर्कट
मूळ लेखातली कामं चांगली आहेत, पण आग्रह तोच आहे, फक्त कपडे बदलून आलाय. 'मला काही सांगू नका, मुलीशी बोला' असं म्हणायचाही माणसाला हक्क आहे.

त्या प्रसिद्ध पाच टप्प्यांनी फार नुकसान केलंय. मनोविकारतज्ज्ञ एलिझाबेथ क्युब्लर-रॉस यांनी ते 1969 मध्ये मांडले, मृत्युपंथाला लागलेल्या रुग्णांशी बोलून. पुढे तेच मागे राहिलेल्यांच्या दुःखालाही लावले गेले. नकार, राग, सौदेबाजी, नैराश्य, स्वीकार या क्रमाने माणसं जातात, असं नंतरच्या अभ्यासांतून सिद्ध झालेलं नाही. तरी घरात बसून लोक मोजत असतात, बाबा अजून रागातच आहेत. सकाळी मृत्युपत्राबद्दल बोललेला माणूस संध्याकाळी पुढच्या वर्षीच्या प्रवासाचे बेत करतो. दोन्ही खरं असतं. त्याला ठाऊक आहे, आणि तरी त्याला जगायचंय. यात दुरुस्त करण्यासारखं काय आहे?

शुश्रूषक
न ऐकण्याचा हक्क मान्य. म्हणूनच दुसरा प्रश्न 'किती जाणून घ्यायचंय' असा आहे. 'काही नाही' हेही उत्तरच. पण तेव्हा 'मग निर्णय कुणी घ्यायचे?' एवढं तरी विचारून घ्यावं.

या नकारामागे पुष्कळदा एक भीती असते : मरणाबद्दल बोललो तर माणूस हाय खाऊन लवकर जाईल. बोस्टनमधली 2010 ची चाचणी बघा. शरीरात पसरलेल्या फुफ्फुसाच्या कर्करोगाचे 151 रुग्ण होते. निम्म्यांना निदानापासूनच नेहमीच्या उपचारांबरोबर उपशामक सेवाही, म्हणजे वेदना आणि त्रास कमी करणारी देखभाल, मिळाली. त्यांच्यात शेवटी आक्रमक उपचार कमी झाले, नैराश्य कमी आढळलं, आणि आयुष्याचा मध्यांक (निम्मे रुग्ण निदान इतके तरी जगले, तो काळ) 11.6 महिने निघाला, उरलेल्यांचा 8.9. एका रोगावरून सगळ्यांबद्दल निष्कर्ष काढू नये, पण बोलण्याने माणूस खचून मरतो या समजाला इथे तरी आधार मिळत नाही.

तर्कट
त्या चाचणीत स्वीकार कुठे मोजला होता? तिथे वेदना, धाप आणि निराशा यांच्याकडे वेळेवर बघितलं गेलं. माझं म्हणणं तेच आहे. डॉक्टर सिसिली सॉन्डर्स यांनी 1967 मध्ये लंडनला सेंट ख्रिस्तोफर्स हॉस्पिस, म्हणजे मरणाच्या वाटेवरच्या रुग्णांची शुश्रूषा करणारं केंद्र, सुरू केलं, तेव्हा दुखण्याची व्याख्याच रुंद केली : शरीराचं, मनाचं, नात्यांचं आणि श्रद्धेचं दुखणं एकत्र बघायचं. आणि वेदनाशामक ठरलेल्या वेळी द्यायचं, रुग्ण कळवळेपर्यंत थांबायचं नाही. मॉर्फिनची सवय लागेल म्हणून कमी डोस देणाऱ्या घरात आयुष्याच्या अर्थाची चर्चा काय होणार? रात्रभर कण्हणाऱ्या माणसाला अर्थ विचारणं क्रूर आहे.

ओसरी
तुम्ही दोघं रुग्णाबद्दलच बोलताय. न स्वीकारण्याचे परिणाम खरे दिसतात ते शेवटच्या दिवसांत, भरवणाऱ्याच्या हातात.

शरीर बंद पडत जातं तशी भूक-तहान मरते. खाणं थांबलं म्हणून मरण येत नाही, मरण जवळ आलं म्हणून खाणं थांबतं. प्रेमाला हे पटत नाही. मग चमच्याने पेज घालतात. गिळता येत नसतं, घास श्वासनलिकेत जातो. सलाईनचा हट्ट धरला तर पाणी अंगावर उतरतं, पाय सुजतात, छातीत द्रव साठून धाप वाढू शकते. घशातली घरघर ऐकून घरचे घाबरतात. त्या अवस्थेतल्या, शुद्ध हरपत चाललेल्या रुग्णाला तिचा त्रास बहुधा जाणवत नाही. कुशीवर वळवलं की ती कमी होते.

हातांना काम हवंच असतं, तर ते द्यावं : ओल्या कापसाने तोंड वरचेवर पुसणं, ओठांना मलम, दर काही तासांनी कूस बदलणं, हात धरून नेहमीच्या आवाजात बोलणं. नुसतं 'आता भरवू नका' म्हटलं तर माणूस चोरून भरवतो.

पारवा
ओसरी यांचा मुद्दा मला सगळ्यात मोलाचा वाटला. तत्त्वज्ञान नेमकं तिथे तोकडं पडतं. प्राचीन ग्रीक तत्त्वज्ञ एपिक्युरस म्हणतो, मी आहे तोवर मरण नाही, मरण आलं की मी नाही, मग भय कशाचं? स्वतःच्या मरणापुरता हा युक्तिवाद भक्कम आहे. पण दुसऱ्याचं मरण येतं तेव्हा मी असतोच, आणि नंतरही रोज असतो. एपिक्युरसचं अखेरचं म्हणून जे पत्र आपल्यापर्यंत आलंय, त्यात तो असह्य वेदनांतही जुन्या संभाषणांच्या आठवणीने आनंदात असल्याचं सांगतो, आणि आधीच वारलेल्या आपल्या शिष्याच्या, मेट्रोडोरसच्या, मुलांची काळजी घ्यायची विनंती करतो. मला तो युक्तिवादापेक्षा या पत्रात जास्त पटतो.

मागे राहिलेल्यांनी 'सोडून द्यावं' हा सल्लाही तपासावा. शोकाचा अभ्यास करणाऱ्या मार्गारेट स्ट्रोबे आणि हेंक शुट यांनी 1999 मध्ये दुहेरी प्रक्रियेचं प्रारूप मांडलं : माणूस दुःख आणि रोजची कामं यांच्यात ये-जा करत राहतो, आणि ही ये-जाच उपयोगी असते. नुसतं रडत राहणं किंवा नुसतं कामात बुडणं, दोन्हीकडे अडकायला होतं. म्हणून वर्षाने एकाएकी हुंदका आला तर घसरलो असं समजू नये.

तर्कट
इथे मला भीती दुसऱ्या टोकाची आहे. 'दुःख म्हणजे प्रेमच' म्हणत कुणी आतल्या आत संपत जातं आणि आपण त्याचं कौतुक करतो. दीर्घकालीन शोकविकार आता अधिकृत निदान आहे : आयसीडी-11 या जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगसूचीनुसार किमान 6 महिने, डीएसएम या अमेरिकी मनोविकार-सूचीच्या 2022 च्या आवृत्तीनुसार प्रौढांसाठी 12. अर्थात नुसते महिने मोजून निदान होत नाही. जवळजवळ रोजची तीव्र ओढ, आपला एक भाग मेल्यासारखं वाटणं, मृत्यू खराच वाटत नाही, कामं ठप्प, असं असेल तर उपचार घ्यावेत. त्यासाठी खास पद्धतीची मानसोपचार सत्रं असतात. त्यांत आठवणी पुसत नाहीत, टाळलेल्या आठवणींकडे हळूहळू बघायला शिकवतात.

पारवा
मान्य, आणि जीव द्यावासा वाटत असेल तर महिने मोजत बसू नये, त्याच दिवशी मदत घ्यावी. पण डॉक्टरकडे पाठवताना 'तू अजून स्वीकारलं नाहीस' हे वाक्य नको. 'तुला झोप लागत नाहीये, चल, मी बरोबर येते' एवढं पुरतं.

ओसरी
मुलांचं राहिलं. 'आजी झोपली', 'दूर गेली' असं सांगू नका. मूल झोपायला घाबरतं, नाहीतर तिची वाट बघत बसतं. पाचेक वर्षांपर्यंत मरण कायमचं असतं हे नीट उमगत नाही, म्हणून तोच प्रश्न पुन्हा पुन्हा येणार. 'आजी मेली. तिचं शरीर बंद पडलं, आता ते दुखत नाही, आणि ती परत येणार नाही.' प्रत्येक वेळी याच शब्दांत सांगावं. मुलं पुष्कळदा स्वतःला दोषी धरतात, तेव्हा 'तुझ्यामुळे झालं नाही' हे त्यांनी न विचारताच सांगून टाकावं. आणि सांगताना तुम्हाला रडू आलं तर येऊ द्या.