काळ थांबवणारा गायकवृंद: पोरकट कल्पना?

स्वरपिपासू: काल इथे एकाने लिहिलं, "गायकवृंद गातो आणि काळ थांबतो किंवा पळतो, ही कथाकल्पना पोरकट आहे. जादूला नियम नाही, आणि वृंदगान आपलं नाहीच." राहवलं नाही, म्हणून लिहितोय. नियम हवाय ना? मारवा आणि सोहनी या दोन रागांचे स्वर तेच. मारवा सूर्यास्ताचा, सोहनी उत्तररात्रीची. संगीतशास्त्रकार भातखंडे सांगतात, वादी म्हणजे रागाचा मुख्य स्वर पूर्वांगात, म्हणजे सप्तकाच्या खालच्या अर्ध्या भागात, असेल तर राग दुपारी 12 ते मध्यरात्रीचा, उत्तरांगात म्हणजे वरच्या अर्ध्यात असेल तर मध्यरात्र ते दुपारी 12 चा. कथेतला वृंद स्वर तेच ठेवतो, जोर फक्त वर सरकवतो आणि उजाडतं. याहून काटेकोर जादू दाखवा.

ठामपणे: ते पोस्ट माझंच. हमीर रागाचा वादी धैवत, म्हणजे उत्तरांगातला. गातात रात्रीच्या पहिल्या प्रहरी. भातखंड्यांचं कोष्टक तिथेच कोसळलं. दक्षिणेत तर कच्छेरीत, म्हणजे तिथल्या मैफलीत, रागाची वेळ सहसा कुणी बघतही नाही. तिथले सूर्य-चंद्र व्यवस्थित चाललेत.

मडगांवकर: वृंदगान आपलं नाही म्हणजे? आम्ही गोव्यात चर्चमध्ये पिढ्यान् पिढ्या चार आवाजांत गातोय, आम्ही कोण मग? मुंबईत सलील चौधरींनी 1958 मध्ये बॉम्बे यूथ कॉयर उभा केला, तोही परका का? आणि एक सांगतो. लांबलचक स्वरावर आम्ही सगळे एकदम श्वास घेत नाही. शेजारच्याचा घेऊन झाला की मी घेतो. ऐकणाऱ्याला स्वर अखंड. एकटा गवई कितीही थोर असो, दमाला थांबणारच. काळ धरून ठेवायचा तर वृंदच लागेल.

ऑस्लोकर: माझ्याकडे डिसेंबरात साडेतीनच्या आत सूर्य बुडतो, जूनमध्ये रात्री साडेदहानंतर. मी मारवा घड्याळ बघून गाऊ की खिडकीबाहेर बघून? कथेत याचं उत्तर नसेल तर ती जादू भारतापुरतीच.

जुनी बैठक: सूर्याचं सोडा, इथे कायद्यानेच काळ कापलाय. 2000 च्या ध्वनिनियमांनी रात्री 10 ते सकाळी 6 लाउडस्पीकर बंद केला. पुण्याचा सवाई गंधर्व महोत्सव पूर्वी रात्रभर चालायचा. पहाटे ललत राग ऐकून मी तसाच कामावर गेलोय. माझ्या मुलीने ललत पहाटे समोर बसून कधी ऐकलेलाच नाही. सकाळचे राग संध्याकाळी सातला उरकायची पाळी आलीय.

झोपमोड: कायद्याबद्दल एक शब्द ऐकून घेणार नाही! वडील अंथरुणाला खिळलेले आणि समोरच्या मैदानात पहाटेपर्यंत कर्णे. हात जोडून सांगायला गेलो, तर "संस्कृती कळत नाही" म्हणाले. शेवटचे महिने त्यांना धड झोप मिळाली नाही.

जुनी बैठक: वडिलांचं वाचून वाईट वाटलं. पण ती मैदानं आणि ख्यालाची बैठक एकाच तागडीत घालू नका.

झोपमोड: आजारी माणसाला दोन्हीचा आवाजच येतो. बंद सभागृहात गा, तिथे नियम आडवा येत नाही.

जुनी बैठक: रात्रभराचं भाडं कोण भरणार? आम्ही चौकशी केली, 10 नंतर सभागृह द्यायला व्यवस्थापक तयारच नाही.

ठामपणे: धागा कशावर होता, कुणाला आठवतंय का? मडगांवकरांचा श्वासाचा मुद्दा मानतो, बरा आहे. पण त्याने स्वर अखंड राहतो, काळ वळत नाही.

स्वरपिपासू: हमीर अपवाद आहे, कबूल. पण अपवाद आहे म्हणूनच गोष्ट रंगते. वृंदाने नेमका हमीर धरला की काळ कुठे वळेल, हे त्यांनाही ठाऊक नसेल. ऑस्लोकर, माझं मत सूर्याच्या बाजूने. मारवा संधिप्रकाशाचा राग, तो उजेडाला बांधलाय, काट्यांना नाही.

ऑस्लोकर: मग जूनमध्ये मारवा संपेपर्यंत शेजारी दार ठोठावतील. इथेही रात्री शांततेचे नियम आहेत.

झोपमोड: शेजाऱ्यांचं बरोबरच आहे.